फाडलेलं पत्र आणि वन्स मोअर

बाई, भांडण अर्धवट टाकून उठून जायचं, ही कुठली रीत हो? सहा वर्षं आपण दोघी एकाच गोष्टीवरून भांडलो. शेवटचं वाक्य माझं असायला हवं होतं, कारण त्याआधीचं तुमचं होतं. पण तुम्ही ऐकाल तर शपथ.

गेल्या मंगळवारी तुम्हाला पोचवून आलो. तिथे जे झालं ते सगळं तुमचंच करणं, त्यामुळे तुम्हाला काही नवीन नाही. तरी सांगते. सांगितल्याशिवाय मला चैन पडायचं नाही, आणि बोटीवरून रजेवर आलेल्या आमच्या ह्यांना सांगून सांगून ते बिचारे आता पेपर तोंडासमोर धरायला लागले आहेत.

आपलं सगळं बोलणं इंग्रजीत. तिथे 'यू' म्हटलं की भागतं. मराठीत लिहायला बसले तर पहिल्याच ओळीला अडले, तू म्हणू की तुम्ही? माझ्या आईपेक्षा मोठ्या तुम्ही. शिवाय इथल्या आमच्या मराठी मंडळातले झाडून सगळे तुम्हाला बाई म्हणायचे. आमच्याकडे नाटकातल्या मोठ्या नटीला बाई म्हणतात, असं मी पहिल्या दिवशी समजावलं तेव्हा तुम्ही म्हणालात, "लंडनमध्ये तीस वर्षं मी नुसती आयरिस होते. बाई व्हायला सिंगापूरला यावं लागलं." आणि स्वतःवरच खूश होऊन हसलात. तेव्हा तुम्हीच बरं.

सेरंगून गार्डन्समधल्या तुमच्या त्या बैठ्या घरी मी आले ते केतकीसाठी. पोरगी तोंडातल्या तोंडात बोलायची. कुणीतरी सांगितलं, एक म्हातारी इंग्लिश नटी मुलांना बोलायला आणि गायला शिकवते. केतकी आत, मी बाहेर व्हरांड्यात वेताच्या खुर्चीवर. तिसऱ्या का चौथ्या दिवशी तुम्ही दार उघडून बाहेर आलात आणि विचारलंत, "माझ्या पियानोला खुर्चीवर ताल देणारी बाई तूच ना? मग बाहेर काय करतेस?" मी सांगलीची. नाटकाची गाणी ऐकत वाढलेली. बोटं थांबत नाहीत. चोरी पकडल्यासारखी मी उठून उभी राहिले.

पुढे गणपतीच्या नाटकाला मीच तुम्हाला ओढून आणलं. आमचं मंडळ म्हणजे निम्मी बोटीवरची माणसं आणि निम्म्या त्यांच्या किनाऱ्यावर थांबलेल्या बायका. त्यातल्याच एका हौशी इंजिनियरने जुन्या धाटणीचं संगीत नाटक लिहिलं होतं. शाळेचा हॉल भाड्याने घेतलेला, माइक नावालाच. शेवटच्या रांगेला एक अक्षर ऐकू जाईना. तुम्ही आलात, शेवटच्या रांगेत जाऊन बसलात, आणि मराठीचा गंध नसताना दीड महिना आमची तालीम घेतलीत. तुम्हाला एकच मराठी शब्द यायचा, 'पुन्हा.' मीच शिकवला होता, माझीच अवदसा. एकेक ओळ चाळीस-चाळीस वेळा. "पुन्हा!" शेवटच्या रांगेतून तो आवाज आला की मोठमोठे चीफ इंजिनियर चळाचळा कापायचे. केतकी घरी येऊन सांगायची, "आंटी आयरिस सो फिअर्स, लाह!"

एक दिवस तुम्ही विचारलंत, "नायिकेची अंडरस्टडी कोण आहे?" आम्ही एकमेकांची तोंडं बघितली. तुम्ही समजावून सांगितलंत, की नायिका ऐन वेळी आजारी पडली तर तिच्या जागी उभी राहायला दुसऱ्या एकीला सगळी भूमिका पाठ करायला लावून तयार ठेवतात, तिला अंडरस्टडी म्हणतात. मी म्हटलं, "अहो, आमच्यात एक नायिका मिळायची मारामार, दुसरी कुठून आणू?" त्याच वेळी तालमीत कुणाचा तरी पेजर वाजला. तुम्ही त्याच्याकडे बोट दाखवून म्हणालात, "ज्यांची बोट कधीही सुटते, त्यांच्या नाटकाला अंडरस्टडी नाही? तुम्ही वेडे आहात का?" आणि बघता बघता माझ्यावर शिक्का मारलात, कारण मी प्रॉम्प्टर होते आणि प्रॉम्प्टरला सगळंच पाठ असतं.

त्या दिवशी घरी जाताना बस येईपर्यंत तुम्ही मला तुमची गोष्ट सांगितलीत. समुद्रकाठच्या गावात, लाकडी धक्क्यावरच्या थिएटरात नाचायला लागलात तेव्हा तुम्ही शाळेत होतात. मग लंडन. संगीत नाटकांच्या मागच्या रांगेत कोरसमध्ये किती वर्षं, ते तुम्ही धड सांगितलं नाहीत. मग एका मोठ्या नाटकात नायिकेची अंडरस्टडी. रोज संध्याकाळी तोंडाला रंग लावून बसायचं, आणि नायिका ठणठणीत आहे असं कळलं की कोरसचा फ्रॉक चढवून मागच्या रांगेत उभं राहायचं. "दुसऱ्या बाईला खोकला व्हावा म्हणून मी देवाची प्रार्थना केली आहे, सुषमा," तुम्ही म्हणालात. "आणि झाला की रडलेही आहे." दोन वर्षांत अकरा वेळा तुम्ही नायिका झालात. अकराच. पुढे एका दौऱ्यावर सिंगापूरला आलात, बोटी बंदरात आणणाऱ्या एका पायलटाशी लग्न केलंत आणि राहिलात. तो गेला तरी राहिलात. बस आली आणि तुम्ही म्हणालात, "चढ, चढ. फार काही मोठी गोष्ट नाही ही."

मला ती फार मोठी गोष्ट वाटली. आजही वाटते.

आणि बघा, तुमची वाणी खरी ठरली! प्रयोगाला नऊ दिवस राहिले आणि आमची नायिका वीणा, हिच्या नवऱ्याला कंपनीने बायकोला बोटीवर न्यायची परवानगी दिली. बया रॉटरडॅमला निघाली. मी रडकुंडीला आले. तुम्ही मात्र हात चोळत म्हणालात, "आता खरी मजा!"

प्रयोगाच्या संध्याकाळी आम्ही रंगमंचावर नारळ फोडला तर तुम्ही फडकं घेऊन धावलात, पाण्यावरून कुणी घसरलं म्हणजे? मग कोपऱ्यात बसून खोबऱ्याचा तुकडाही चवीने खाल्लात. तिसरी घंटा झाली तेव्हा तुम्ही विंगेत, माझ्या अगदी समोर. दुसऱ्या अंकात नायिकेला पत्र येतं, की ज्याची ती वाट बघते आहे त्याने परगावी लग्न केलं. ती पत्र वाचते, फाडते, तुकडे खाली टाकते आणि गाते. ते गाणं त्या दिवशी लागलं, बाई. का लागलं ते मला सांगता येणार नाही. शेवटची तान संपली, मग टाळ्या, आणि मागून एक दणदणीत आवाज, "वन्स मोअर!" मग सगळ्या हॉलभर तेच.

मी विंगेकडे पाहिलं. तुम्ही मान हलवत होतात. नाही. नाही. अजिबात नाही.

काय करू मी? जन्मभर ज्या दोन शब्दांची गाणारी माणसं वाट बघतात, ते मला, प्रॉम्प्टरला, मिळत होते. पेटीवाल्याने सूर धरलासुद्धा. पण पत्र तर फाडून झालेलं! मी खाली वाकले, तुकडे गोळा केले, पुन्हा वाचल्यासारखं केलं, पुन्हा फाडले आणि पुन्हा गायले. पब्लिक खूश. नाटक संपल्यावर मी तुम्हाला शोधत आले, तर तुम्ही एकट्याच बस स्टॉपवर निघून गेला होतात.

दोन आठवडे तुम्ही माझ्याशी बोलला नाहीत. केतकीला शिकवायचात आणि मला दारातून नुसती मान. शेवटी मी भाजणीच्या चकल्यांचा डबा घेऊन घुसलेच. चकलीपुढे तुमचं काही चालत नाही, हे मला ठाऊक होतं. तुम्ही एक चकली मोडलीत आणि मग तोंड सुटलं. "तू फाडलेलं पत्र पुन्हा फाडलंस! त्या मुलीचं काळीज एकदा तुटलं. मग तिने ते खालून वेचलं, आणि लोकांनी टाळ्या वाजवल्या म्हणून परत तोडून दाखवलं? माकडाचा खेळ आहे का?"

मी काय ऐकून घेणारी! मी म्हटलं, "बाई, आमच्याकडे गोष्ट काय आहे ते सगळ्यांना माहीत असतं. गोष्टीसाठी कोण येतं? लोक गाण्यासाठी येतात. भूक लागलेल्या माणसाने आणखी एक पोळी मागितली तर वाढणारी काय म्हणते, की गोष्ट पुढे गेली?"

"मी स्टेजवर असते तेव्हा पुढे काय होणार ते मला माहीत नसतं," तुम्ही म्हणालात. "तुला माहीत होतं. तिथेच तू खोटी पडलीस."

मला ते फार लागलं. त्याचं उत्तर मी आजही शोधते आहे, खरं सांगते.

समेट झाला तो पुंगोलला. टोकाला समुद्रावर तेव्हा ती मासळीची हॉटेलं होती, आता उठली सगळी. तुम्ही खेकडा फोडत होतात, मी साध्या नूडल्स खात होते, आणि समोर मलेशियाचा, जोहोरचा किनारा दिसत होता. भांडण चालूच होतं, पण मऊ झालेलं. तुम्ही बोलता बोलता म्हणून गेलात, "तुला पहिल्याच दिवशी मिळालं. मी अकरा वेळा उभी राहिले." मग मी खोदून खोदून विचारलं तेव्हा सांगितलंत. नाटकातली नायिका चहाच्या दुकानात काम करते. रोज येणाऱ्या गिऱ्हाइकावर तिचा जीव आहे, त्याला पत्ता नाही. तो गाव सोडून जातो, आणि ती त्याचं टेबल पुसत गाते. तुमच्या अकरापैकी एका दुपारच्या प्रयोगाला ते गाणं असं झालं की सगळं थिएटर श्वास रोखून बसलं. टाळी उठते आहे, उठते आहे, तोवर कंडक्टरची काडी हलली आणि पुढचं गाणं सुरू झालं. "आणि तसंच व्हायला हवं," तुम्ही घाईघाईने म्हणालात.

मी म्हटलं, "मला म्हणून दाखवा ना ते. आत्ता. मी देते वन्स मोअर."

"म्हणूनच नाही दाखवणार," तुम्ही म्हणालात. "तू मागशील हे मला माहीत आहे."

झालं! तेव्हापासून मी तुमच्या मागे लागले ते लागलेच. वाढदिवसाला मागितलं. ख्रिसमसला मागितलं. दिवाळीचा फराळ घेऊन आले तेव्हा मागितलं. जेवण झालं की तुम्ही टेबल पुसायचात, आणि तुमचा हात चार वळणं घेऊन थांबायचा, पुन्हा चार वळणं. मला कळायचं की आत गाणं चालू आहे. मी टक लावून बघतेय हे लक्षात आलं की तुम्ही फडकं माझ्या अंगावर टाकायचात. "पूस तू!" सहा वर्षांत त्या गाण्याची एक ओळ तुम्ही मला ऐकू दिली नाहीत. इतका हट्ट? लहान मुलांनासुद्धा शोभला नसता.

बाकी दिलंत ते काही कमी नव्हतं, हेही सांगायला हवं. केतकी आता शाळेच्या डिबेटमध्ये अशी बोलते की समोरच्याची दातखीळ बसते. आणि मी? "शेवटच्या रांगेला सांग, पण ओरडू नकोस," हे तुमचं वाक्य मी बोटीवरून ह्यांचा फोन आला की वापरते. अर्धा फोन खरखर, अर्धा समुद्र. पूर्वी मी किंचाळायचे आणि ह्यांना वाटायचं मी भांडतेय. आता हळू बोलते, शेवटच्या रांगेला. आमचा संसार सुधारला तुमच्यामुळे, खोटं नाही. आणि मंडळात आता प्रत्येक भूमिकेला अंडरस्टडी असतो. गेल्या साली तर ती वीणा माझी अंडरस्टडी होती, आणि मी शिंकले की तिचे डोळे चमकायचे. तुम्हाला सांगितलं तेव्हा तुम्ही धाप लागेपर्यंत हसलात.

ती धाप तेव्हाच ओळखायला हवी होती. यंदा छातीचं दुखणं वाढलं. तुम्ही मुलांचे वर्ग कमी केलेत, पण लिमसाहेबांना मात्र रोज बोलवत राहिलात. तुमच्या वर्गाला पियानो वाजवणारे ते मितभाषी निवृत्त मास्तर. मी एकदा अवेळी आले तर तुम्ही दोघं दार लावून बसलेले, आणि मला व्हरांड्यात अर्धा तास ताटकळत ठेवलंत. मी केतकीला म्हटलंसुद्धा, की या वयात बाईंचं काय चाललंय! देवा, माफ कर.

शेवटचं मागितलं ते महिन्यापूर्वी. सेरंगूनचा रस्ता एम.आर.टी.च्या भुयारी रेल्वेसाठी खणलेला, बस फिरून फिरून आली, आणि मी घामाघूम होऊन तुमच्या पलंगाशी बसले. मी म्हटलं, "बाई, आता तरी. फक्त मुखडा." तुम्ही माझ्या हातावर चापट मारून म्हणालात, "शुक्रवारी ये." शुक्रवारी मी आले तर तुम्ही हॉस्पिटलमध्ये. रविवारी गेलात.

खरं सांगू? मला रडू आलं नाही. राग आला. एवढी फसवणूक? मंगळवारी त्या दहनगृहाच्या छोट्या हॉलमध्ये आम्ही मंडळाची वीसेक माणसं शेवटच्या दोन रांगांत बसलो. मी आपली तुमच्या शवपेटीकडे बघत मनात म्हणत होते, जा, जा, नेलंत ना गाणं बरोबर! पुढे तुमचे विद्यार्थी, शेजारी. पाद्री थोडकं बोलले. मग लिमसाहेब उठले, कॅसेट प्लेअरचं बटण दाबलं आणि मान खाली घालून शेजारच्या खुर्चीत बसले.

आधी पियानो. मग तुम्ही.

मला पहिल्या ओळीलाच कळलं. कप उचलले, बशा उचलल्या, खुर्ची आत सारली. तेच गाणं. आवाज म्हातारा, बारीक, मध्ये मध्ये धाप. पण बाई, काय सांगू! तुम्ही गात नव्हतात, टेबल पुसत होतात. चार वळणं, थांबणं, चार वळणं. त्या मुलीला खरंच माहीत नव्हतं की तो परत येणार नाही. ती पुसत पुसत शेवटच्या ओळीपर्यंत गेली आणि तिथे तिला कळलं, आणि तिच्याबरोबर मला. मग गाणं संपलं. टेपची नुसती खरखर.

आमच्यात मयताला कुणी असं करत नाही. तुमच्यात तर नाहीच नाही. ह्यांनी माझा हात धरला, माझं लक्षण ओळखून. तुमची ती हलणारी मानसुद्धा डोळ्यांसमोर आली. पण अकरा वेळा उभी राहिलेली बाई, आणि एकदाही कुणी नाही? मी हात सोडवून घेतला. उभी राहिले. आणि तुम्ही शिकवलंत तसं, न ओरडता, पहिल्या रांगेला जाईल असं म्हटलं, "वन्स मोअर."

सगळ्या माना वळल्या. पाद्री बघतच राहिले. लिमसाहेबांनी मात्र बटणाला हात लावला नाही. टेप खरखरत होती. आणि त्या खरखरीतून तुमचा आवाज आला, अगदी स्वच्छ, शेवटच्या रांगेला.

"सिट डाउन, सुषमा."

मग एक श्वास. मग मराठीत, "पुन्हा." आणि पियानो परत पहिल्यापासून सुरू झाला.

मी बसले कसली, कोसळले! हसत होते की रडत होते ते ह्यांना विचारा. केतकी माझ्या खांद्यात तोंड खुपसून हसत होती. अख्खी शेवटची रांग हसत होती आणि डोळे पुसत होती, आणि तुम्ही आपल्या पुन्हा कप उचलत होतात. दुसऱ्यांदा शेवटच्या ओळीला तुमचा श्वास पुरला नाही. ती ओळ तुम्ही नुसती बोललात. मला तर तीच जास्त आवडली.

बाहेर आल्यावर मी लिमसाहेबांना गाठलं. विचारलं, मध्ये जागा किती सोडायची ते कसं ठरवलं? ते म्हणाले, तुम्ही टेबलावर बोटं आपटत मोजलं होतंत. इतका वेळ तिला लाज वाटेल, इतका वेळ नवरा हात धरेल, मग ती उठेल. मी म्हटलं, "आणि मी उठलेच नसते तर?" लिमसाहेब पहिल्यांदाच मोकळं हसले. म्हणाले, "शी से, यू शुअर शाउट वन, लाह." म्हणजे मी ओरडणारच, अशी तुमची खात्रीच होती.

कॅसेट त्यांनी मलाच दिली. माझ्या कपाटात आहे, चकलीच्या सोऱ्याशेजारी. केतकी रोज मागे लागते, आई, लाव ना. हेही म्हणाले परवा. पण मी लावलेली नाही. माझ्या हट्टासाठी तुम्ही ते पत्र एकदा पुन्हा फाडलंत, बाई. आता थोडं तुमचंही ऐकायला हवं ना मला.